कांजिण्या होऊन गेल्यात, पन्नाशी आलीय: नागिणीची लस घ्यायची तर सुरुवात कुठून करायची

माझ्या आईला बासष्टाव्या वर्षी नागीण झाली. आधी चार दिवस कमरेपासून पोटाकडे एकाच बाजूला आग व्हायची, साडीचा काठ लागला तरी कळ यायची, आणि आम्हाला वाटलं काहीतरी जड उचललं असेल, उसण भरली असेल, म्हणून मलम चोळत बसलो. पाचव्या दिवशी पुरळ उठलं, तरी अजून काही दिवस उष्णतेचं असेल म्हणत घालवले, आणि डॉक्टरांकडे गेलो तोवर औषधाची खरी वेळ टळून गेली होती. फोड तीन आठवड्यांत सुकले पण आतला ठणका जवळजवळ अकरा महिने राहिला, रात्री कूस बदलताना तिचा आवाज ऐकू यायचा. या आजारावर लस आहे हे आम्हाला नंतर कळलं. म्हणून हे सगळं नीट एका जागी लिहितेय, ज्यांना यातलं काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी, आणि आता ही लस घेतलेल्यांना डिमेन्शिया, म्हणजे म्हातारपणी स्मरणशक्ती जाण्याचा आजार, कमी होतो अशा बातम्यांमुळे जे अचानक या लसीबद्दल विचारायला लागलेत त्यांच्यासाठीही.

पायरी १: आधी कांजिण्यांचा हिशोब लावा

नागीण बाहेरून येत नाही, ती आपल्या आतच असते. लहानपणी कांजिण्या होतात तो व्हायरस म्हणजे व्हॅरिसेला झोस्टर, आणि कांजिण्या बऱ्या झाल्या, खपल्या पडल्या, की आपल्याला वाटतं गेला. पण तो जात नाही. तो पाठीच्या कण्याजवळ नसांच्या (रक्तवाहिन्या नव्हे, मज्जातंतू) गाठी असतात, तसंच चेहऱ्याच्या नसांच्या मुळाशीही असतात, तिथे जाऊन गप्प बसतो, तीस वर्षं, पन्नास वर्षं, काहींच्या बाबतीत आयुष्यभर. वय वाढलं, किंवा कॅन्सरची ट्रीटमेंट, ट्रान्सप्लांट, बरेच दिवस स्टिरॉइड अशा कशाने प्रतिकारशक्ती कमी झाली की तो जागा होतो आणि त्याच नसेवरून खाली उतरत कातडीपर्यंत येतो, ती नागीण.

हे आज सोपं वाटतं पण कळायला खूप वेळ लागला. इंग्लंडमध्ये सायरेन्सेस्टर नावाच्या छोट्या गावात एडगर होप-सिम्पसन म्हणून साधे फॅमिली डॉक्टर होते, त्यांनी आपल्याच पेशंटमधल्या नागिणीच्या केसेस सोळा वर्षं लिहून ठेवल्या आणि १९६५ साली मांडलं की नागीण म्हणजे जुन्या कांजिण्यांचाच व्हायरस पुन्हा उठणं. मोठी लॅब वगैरे काही नाही, नुसत्या नोंदी. मला याचं फार कौतुक वाटतं.

तर तुम्ही काय करायचं? घरातल्या मोठ्यांना विचारा, कांजिण्या झाल्या होत्या का. आपल्याकडे 'गोवर-कांजिण्या' असं एका दमात म्हणायची सवय आहे त्यामुळे घोळ होतो. गोवर वेगळा, त्यात लाल बारीक पुरळ आणि सर्दी-खोकला, आणि देवी तर पूर्णच वेगळा आजार, जो जगातून संपला. पाण्याने भरलेले खाजरे फोड अंगभर, त्यातले काही नवे, काही सुकत आलेले, हे सगळं एकाच वेळी दिसत असेल तर त्या कांजिण्या. आठवत नसेल तरी अडत नाही. बऱ्याच जणांना इतक्या हलक्या होऊन जातात की लक्षातच राहत नाही, म्हणून नागिणीच्या लसीआधी त्यासाठी रक्त तपासायची गरज नसते. फक्त आधीच कधी टेस्ट झालेली असेल आणि त्यात कांजिण्या कधीच झाल्या नाहीत असं स्पष्ट आलेलं असेल तर ते डॉक्टरांना सांगा, कारण मग आधी विचार कांजिण्यांच्या लसीचा करायचा असतो. त्या दोन लसी वेगळ्या आहेत, एकीच्या जागी दुसरी चालत नाही.

मुलांचं काय, हे पण इथेच सांगते. कांजिण्यांची लस जपानच्या मिचिआकी ताकाहाशी यांनी १९७४ मध्ये तयार केली. त्यांच्या स्वतःच्या मुलाला कांजिण्यांचा फार त्रास झाला होता. त्या लसीतला कमजोर केलेला व्हायरसही नसांमध्ये राहू शकतो, पण अमेरिकेत १९९५ पासून मुलांना ही लस देतायत आणि तिथे दिसलं की लस घेतलेल्या मुलांमध्ये नागिणीचं प्रमाण न घेतलेल्यांपेक्षा ७८ टक्के कमी होतं. म्हणजे मुलांना वेळेत कांजिण्यांची लस देणं ही पुढच्या नागिणीचीच काळजी आहे.

पायरी २: कशापासून वाचायचंय ते समजून घ्या

अमेरिकेतल्या आकड्यांप्रमाणे साधारण तीन माणसांत एकाला आयुष्यात कधीतरी नागीण होते. हे काही दुर्मिळ नाही.

सुरुवात बहुतेक वेळा पुरळाने होत नाही, दुखण्याने होते. एकाच बाजूला आग, टोचल्यासारखं, करंट लागल्यासारखं, आणि कातडीवर काहीच दिसत नाही, म्हणून कुणी हार्टचं समजतं, कुणी मुतखडा, कुणी उसण, आम्ही पण तेच केलं. मग एक ते पाच दिवसांत त्याच पट्ट्यात लालसर फोड येतात. पट्टा पाठीच्या किंवा पोटाच्या मधल्या रेषेपाशी थांबतो कारण प्रत्येक नस अंगाच्या एकाच बाजूची जागा सांभाळते. 'विळखा पूर्ण झाला की माणूस जातो' हे जे म्हणतात ते खरं नाही, आणि त्या भीतीने म्हातारी माणसं रात्र रात्र जागतात म्हणून मुद्दाम लिहितेय. रिपोर्टवर 'हर्पीस झोस्टर' असं लिहिलेलं असतं ते वाचूनही काही जण लाजतात, कुणाला सांगत नाहीत. लैंगिक संबंधातून होतो तो हर्पीस वेगळ्या व्हायरसचा, हा नाही. घराणं एक आहे इतकंच.

खरी भीती बाळगायची ती नंतरच्या दुखण्याची. फोड जाऊनही तीन महिन्यांपेक्षा जास्त दुखत राहतं त्याला पोस्ट-हर्पेटिक न्यूरॅल्जिया म्हणतात, नागीण झालेल्या शंभरातल्या साधारण दहा ते अठरा जणांना ते होतं, आणि वय जितकं जास्त तितका धोका जास्त. नस स्वतःच दुखावलेली असते त्यामुळे साध्या पेनकिलरने भागत नाही. कपाळावर, पापणीवर किंवा नाकाच्या शेंड्यावर फोड आले तर डोळ्यात उतरायची शक्यता असते आणि नजर जाऊ शकते. कानाजवळ आले तर तोंड एका बाजूला वाकडं होऊ शकतं, ऐकू कमी येऊ शकतं. आणि नागीण होऊन गेल्यावर काही काळ स्ट्रोकचा धोकाही वाढलेला असतो, हे फार कमी लोकांना माहीत असतं.

पायरी ३: कुठली लस ते नावानिशी माहीत करून घ्या

दोन नावं ऐकाल. झोस्टाव्हॅक्स ही जुनी, २००६ मध्ये आली, जिवंत पण कमजोर केलेल्या व्हायरसची, एकच डोस. मूळ ट्रायलमध्ये तिने नागीण निम्म्याने कमी केली, ५१ टक्के, पण वय वाढेल तसा परिणाम घसरायचा आणि ज्यांची प्रतिकारशक्ती कमी आहे, म्हणजे ज्यांना खरी गरज, त्यांनाच ती देता येत नव्हती. अमेरिकेत २०२० च्या शेवटी तिची विक्री बंद झाली.

दुसरी शिंग्रिक्स. २०१७ ला अमेरिकेत मंजूर झाली आणि आता बहुतेक ठिकाणी हीच विचारायची. यात जिवंत व्हायरस अजिबात नाही, त्याच्या अंगावरचं एकच प्रोटीन आहे, ग्लायकोप्रोटीन ई, आणि सोबत प्रतिकारशक्तीला जोरात जागं करणारं एक मिश्रण, एएस०१बी, ज्यातला एक भाग चिलीमधल्या क्विलाया झाडाच्या सालीतून काढतात. लस घेऊन नागीण होऊ शकते का, याचं उत्तर त्यामुळे सरळ नाही असं आहे, व्हायरसच नाहीये त्यात. पन्नाशीच्या पुढच्यांमध्ये मोठ्या ट्रायलमध्ये नागीण ९७ टक्के कमी झाली, सत्तरीच्या पुढच्यांमध्येही ९० टक्क्यांच्या आसपास, आणि म्हाताऱ्या माणसाची प्रतिकारशक्ती एवढी साथ देते हे या लसीचं मोठेपण आहे. त्या लोकांवर पुढे अकरा वर्षं लक्ष ठेवलं तेव्हाही संरक्षण बरंच टिकून होतं.

पायरी ४: आपण घेऊ शकतो का ते तपासा

पन्नाशी पूर्ण झालेल्या जवळपास सगळ्यांना चालते. अठरा वर्षांच्या पुढच्या पण प्रतिकारशक्ती कमी असलेल्या किंवा कमी होणार असलेल्या लोकांनाही चालते, म्हणजे कॅन्सर, ट्रान्सप्लांट, एचआयव्ही, संधिवाताची जोरदार औषधं वगैरे. अशी औषधं पुढे सुरू होणार असतील तर डॉक्टरांना आजच विचारा, आधी लस घेता येईल का. सुरू व्हायच्या आधी घेतली तर शरीर जास्त चांगला प्रतिसाद देतं. काही देशांत सरकारी कार्यक्रमात ठराविक वयालाच फुकट मिळते, त्यामुळे आपल्याकडे नियम काय तो चौकशी करून बघा.

एकदा नागीण होऊन गेलीय त्यांनीही घ्यायची, कारण ती पुन्हा होऊ शकते. फोड चालू असताना मात्र नाही, ते पूर्ण बरे झाले की. ही लस चालू नागिणीवरचं औषध नाही. जुनी झोस्टाव्हॅक्स घेतलेली असेल तरी शिंग्रिक्स घ्यायची, मध्ये कमीत कमी आठ आठवडे सोडून.

कोणी थांबायचं: चांगलाच ताप किंवा आजारपण चालू आहे त्यांनी ते उतरेपर्यंत, गरोदर बायकांनी बाळंतपण होईपर्यंत, आणि ज्यांना पहिल्या डोसने किंवा त्यातल्या कशाने गंभीर अ‍ॅलर्जी झाली त्यांनी घ्यायचीच नाही. गियाँ-बारे सिंड्रोम, म्हणजे नसांवर हल्ला होऊन हातपाय लुळे पडतात तो आजार, याबद्दलची सूचना अमेरिकेत २०२१ पासून लसीच्या माहितीत आहे. प्रमाण फारच कमी, दहा लाख डोसमागे अंदाजे तीन जास्तीच्या केसेस, पण पूर्वी हा आजार होऊन गेला असेल तर डॉक्टरांशी बोलूनच ठरवा.

पायरी ५: डिमेन्शियाची बातमी नीट वाचा

इथे जरा थांबते, कारण सध्या सगळ्यात जास्त प्रश्न यावरच येतात आणि अर्धवट वाचून लोक एकतर उड्या मारतात नाहीतर उडवून लावतात.

लस घेणाऱ्यांना डिमेन्शिया कमी होतो असं आधीही दिसत होतं, पण त्यात एक अडचण होती. जो माणूस स्वतःहून लस घेतो तो सहसा बाकी तब्येतीचीही काळजी घेतो, चालायला जातो, बीपीची गोळी चुकवत नाही, मग डिमेन्शिया लसीमुळे कमी झाला की त्या सगळ्यामुळे, हे कसं ओळखायचं? ब्रिटनमधल्या वेल्समध्ये नकळत याचं उत्तर तयार झालं. तिथे १ सप्टेंबर २०१३ ला नागिणीच्या लसीचा कार्यक्रम सुरू झाला आणि नियम असा होता की २ सप्टेंबर १९३३ किंवा त्यानंतर जन्मलेल्यांनाच लस मिळणार, त्याआधी जन्मलेल्यांना कधीच नाही. आता विचार करा, एक आजी ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यात जन्मली आणि दुसरी सप्टेंबरच्या पहिल्या, दोघींचं वय तेच, काळ तोच, सवयी साधारण त्याच, फरक फक्त तारखेचा, पण एकीला लसीचा दरवाजा बंद आणि दुसरीला उघडा. तारखेच्या अलीकडे लस घेतलेले जवळजवळ शून्य आणि पलीकडे एकदम ४७ टक्के. म्हणजे कुणी ठरवून चिठ्ठ्या टाकाव्यात तसंच झालं.

अमेरिकेतल्या स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या पास्कल गेल्डसेट्झर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २ लाख ८० हजारांपेक्षा जास्त लोकांच्या नोंदी बघितल्या आणि एप्रिल २०२५ मध्ये नेचर या विज्ञानाच्या नियतकालिकात छापलं: सात वर्षांत लस घेतलेल्यांमध्ये डिमेन्शियाचं निदान साधारण २० टक्क्यांनी कमी. हा वीसचा आकडा ऐकून शंभरातले वीस जण वाचले असं समजू नका, प्रत्यक्षात फरक ३.५ टक्के पॉइंटचा आहे, म्हणजे लस घेतलेल्या शंभर जणांमागे तीन-चार जणांना ते निदान झालं नाही जे एरवी झालं असतं. तरी ही छोटी गोष्ट नाही, ज्याच्या घरात डिमेन्शिया आहे त्याला विचारा. बायकांमध्ये फायदा पुरुषांपेक्षा बराच जास्त दिसला. मग ऑस्ट्रेलियातही असाच जन्मतारखेचा नियम होता, तिथल्या नोंदी तपासल्या तर तिथेही कल तोच निघाला.

हे दोन्ही जुन्या लसीचं झालं. नव्या लसीबद्दल ऑक्सफर्डच्या मॅक्सिम टॅके यांच्या टीमने जुलै २०२४ मध्ये नेचर मेडिसिनमध्ये अमेरिकेतल्या नोंदींवरून दाखवलं की पुढे ज्यांना डिमेन्शिया झाला त्यांच्यातही शिंग्रिक्स घेतलेल्यांना जुनी लस घेतलेल्यांपेक्षा साधारण १६४ दिवस जास्त निदानाशिवाय मिळाले. साडेपाच महिने आपल्या माणसाने आपल्याला ओळखणं, मी तरी ते कमी समजत नाही.

का होत असेल? एक अंदाज असा की हा व्हायरस आतल्या आत थोडा थोडा उठत राहतो, पुरळ न येताही, त्याने नसांमध्ये आणि मेंदूच्या रक्तवाहिन्यांमध्ये सूज राहते, आणि लस त्याला दाबून ठेवते. दुसरा अंदाज की लसीने एकूण प्रतिकारशक्तीच जरा बऱ्या वळणावर येते. दोन्ही खरे असू शकतात. पण डिमेन्शिया टाळण्यासाठी म्हणून ही लस मंजूर झालेली नाही आणि ज्याला आधीच विसरायला होतंय त्याच्यावरचा हा इलाजही नाही. म्हणून माझं सरळ मत: लस घ्यायची ती नागिणीसाठी, तेवढं कारण पुरेसं आहे, आणि डिमेन्शियाचा फायदा वरची कमाई समजायचा.

पायरी ६: इंजेक्शनचा दिवस आणि पुढचे दोन दिवस

डॉक्टरांकडे जाताना चालू औषधांची यादी, अ‍ॅलर्जी असेल तर ती, आणि आधी कुठल्या लसी घेतल्या ते लिहून न्या. फ्लूची लस त्याच दिवशी घ्यायची असेल तर चालते, दुसऱ्या दंडात. शिंग्रिक्स दंडाच्या स्नायूत देतात.

आता मन तयार ठेवा, ही लस अंगाला कळते. दंड दुखणं तर बहुतेकांना होतं, जवळपास निम्म्यांना अंगदुखी आणि थकवा, काहींना थंडी वाजून ताप, डोकेदुखी, पोट बिघडणं. साधारण सहातल्या एकाला इतका त्रास होतो की एखाद दोन दिवस रोजची कामं होत नाहीत. दोन-तीन दिवसांत सगळं उतरतं. ते जोरदार मिश्रण काम करतंय त्याचाच हा भाग आहे. त्यामुळे दुसऱ्या दिवशी लग्नकार्य, प्रवास, महत्त्वाची मीटिंग असेल तर तो दिवस निवडू नका. आधीच पॅरासिटामॉल घेऊन ठेवायची गरज नाही, त्रास झाला तर डॉक्टरांना विचारून घ्या. आईला पहिल्या डोसनंतर रात्री थंडी वाजली, सकाळी चहा घेतला आणि परत झोपली, तिसऱ्या दिवशी नेहमीसारखी. चेहऱ्यावर सूज, श्वास लागणं, अंगभर पित्त उठणं असं काही लगेच झालं तर मात्र थांबायचं नाही, तिथल्या तिथे सांगायचं, म्हणूनच लस घेतल्यावर पंधरा-वीस मिनिटं तिथेच बसा.

पायरी ७: दुसरा डोस

पहिल्या त्रासाने घाबरून दुसरा सोडून देणारे लोक मी बघितलेत आणि खरंच वाईट वाटतं, कारण टिकणारं संरक्षण दोन डोसनेच मिळतं. दोन ते सहा महिन्यांच्या आत दुसरा घ्यायचा, प्रतिकारशक्ती कमी असेल तर डॉक्टर एक-दोन महिन्यांतच देतात. सहा महिने उलटून गेले तरी पहिल्यापासून सुरू करायचं नसतं, फक्त राहिलेला डोस लवकरात लवकर घ्या. क्लिनिकमधून निघतानाच तारीख फोनमध्ये टाका, आणि आईवडिलांची असेल तर तुमच्या फोनमध्ये टाका.

पायरी ८: लस घेतली किंवा नाही, पुरळ उठलंच तर

कुठलीही लस शंभर टक्के नसते. एका बाजूला आग आणि मग फोड, असं दिसलं की त्याच दिवशी डॉक्टर. असायक्लोव्हिर, व्हॅलासायक्लोव्हिर, फॅमसायक्लोव्हिर या गोळ्या पुरळ उठल्यापासून ७२ तासांच्या आत सुरू झाल्या तर सगळ्यात जास्त उपयोग, हेच आम्ही गमावलं. डोळ्याजवळ किंवा नाकाच्या शेंड्यावर असेल तर डोळ्यांचे डॉक्टर, तेही त्याच दिवशी. फोडांवर काहीबाही लेप लावू नका, स्वच्छ आणि कोरडे ठेवा, सैल सुती कपड्याने झाका.

नागिणीपासून दुसऱ्याला नागीण होत नाही. पण फोडांतलं पाणी लागलं तर ज्याला कांजिण्या कधी झाल्या नाहीत आणि लसही नाही अशा माणसाला कांजिण्या होऊ शकतात. त्यामुळे सगळ्या फोडांवर खपली धरेपर्यंत लहान बाळं, कांजिण्या न झालेल्या गरोदर बायका आणि केमो वगैरे चालू असलेली माणसं यांच्यापासून लांब राहा, टॉवेल वेगळा ठेवा, फोडांना हात लागला की धुवा. जेवण वेगळं, खोली बंद, असं काही करायची गरज नाही. आईने त्या दिवसांत नातवाला जवळ घेतलं नाही, पण दारातून रोज गोष्ट सांगायची, आणि खपल्या पडल्या त्या दिवशी तो आपणहून तिच्या मांडीवर जाऊन बसला.